कुंपणातलं करवंद : कोणतं कधी तोडायचं?

मैत्रिणींनो, करवंद म्हणजे काय हे आपल्याला कुणी सांगायला नको. लहानपणी करवंद दाताने फोडून "कोंबडा की कोंबडी?" हा खेळ आपण सगळ्याच खेळलोय. आत लाल निघालं तर कोंबडा, पांढरं निघालं तर कोंबडी. मे महिन्यात काट्यांनी हात ओरबाडून घेत, पदरात चिकाचे डाग पाडत करवंदं गोळा केली नाहीत अशी बाई आपल्या डोंगरपट्ट्यात सापडायची नाही. पण हे झाड आपण कायम डोंगरातलंच समजलो. परसबागेसाठी रोपं मागवायची म्हटलं की यादीत शेवगा, कढीपत्ता, लिंबू, पपई येते. करवंद कुणी लिहीत नाही. ते का लिहावं, कसं लावावं आणि मुख्य म्हणजे कधी तोडावं, ते या अंकात बघू.

तोडणीला "मुख्य" म्हणण्याचं कारण आहे. कसारा, कर्जत किंवा माळशेज घाटात उन्हाळ्यात जाऊन बघा. रस्त्याच्या कडेला, स्टेशनाच्या बाहेर ठाकर, कातकरी, महादेव कोळी बाया पानाच्या द्रोणात "डोंगरची काळी मैना" विकत बसलेल्या दिसतात. पहाटे डोंगर चढायचा, सकाळी तोडायचं, दुपारच्या उन्हात विकायचं. पिकलेलं करवंद दोन-तीन दिवसांच्या वर टिकत नाही, आणि उन्हात तर त्याच दिवशी मऊ पडायला लागतं. पाटी संपली नाही की उरलेला माल पडेल त्या भावाला जातो. गिऱ्हाइकाला हे माहीत असतं, म्हणून तेही संध्याकाळपर्यंत थांबतं. तेच करवंद हिरवं असताना तोडलं तर टोपलीत सावलीला आठवडाभर चांगलं राहतं, आणि लोणच्यासाठी हिरवंच लागतं. म्हणजे भाव पाडून मागणाऱ्याला "नाही" म्हणायची ताकद हिरव्या करवंदात आहे, काळ्यात नाही. पिकल्यावर विचार करायला बसलो तर विकण्याशिवाय हातात काही उरत नाही.

आणखी एक गंमत सांगते. केकवर, आइस्क्रीमवर किंवा मसाला पानात जी लालभडक "चेरी" लावतात ना, ती आपल्याकडे बहुतेक वेळा चेरी नसतेच. बिया काढून, पाकात मुरवून, रंगवलेलं करवंदच असतं ते. आपल्या डोंगरातलं फळ दुसऱ्या नावाने शहरात मिरवतंय, आणि आपण ते द्रोणाने विकतोय.

जागा कुठली

परसबागेत करवंदासाठी वेगळा वाफा नको. त्याची जागा कुंपणावर. कोकणातल्या बायका म्हणतील, वईला. काटे जोडीने येतात आणि चांगले कडक असतात, पानं वर्षभर हिरवी राहतात, पानात चीक असल्यामुळे मोठी गुरं सहसा तोंड लावत नाहीत. दरवर्षी काटेरी फांद्या तोडून आणून वई बांधायचं काम किती कष्टाचं आहे ते आपल्याला माहीत आहे. तीन-चार वर्षांत करवंदाची जिवंत वई तयार झाली की ते काम वाचतं, आणि आतल्या भाजीलाही राखण मिळते.

जमीन कसलीही चालते. मुरमाड, कातळाजवळची, उताराची, जिथे दुसरं काही नीट येत नाही तिथेही करवंद येतं. दोनच गोष्टी चालत नाहीत. एक म्हणजे मुळाशी साचलेलं पाणी. न्हाणीघराचं सांडपाणी जिथे मुरतं तिथे केळ लावा, करवंद नको. दुसरी म्हणजे दाट सावली. सावलीत झुडूप वाढतं, पण फुलं कमी लागतात.

हद्दीच्या अगदी रेषेवर रोप लावू नका. हात-दीड हात आत घ्या. झुडूप चहूकडे पसरतं, काट्याच्या फांद्या शेजारणीच्या वाटेवर गेल्या की भांडणाला निमित्त होतं. लावण्याआधी शेजारणीशी बोलून घेतलं तर अर्धी वई तीही लावते, असाही अनुभव आहे. आणि जिथे लहान मुलं खेळतात, गुरं बांधतो, कपडे वाळत घालतो, ती बाजू सोडा.

रोप बियांचं की गुटीचं

बियांपासून रोप करणं सोपं आणि फुकट. पूर्ण पिकलेल्या, चांगल्या भरलेल्या फळांच्या बिया काढा, गर धुऊन टाका, सावलीत एक दिवस सुकवा आणि लगेच पिशवीत पेरा. बियाणं म्हणून डब्यात भरून पुढच्या वर्षीसाठी ठेवू नका, करवंदाच्या बिया ठेवल्या की त्यांची उगवण पटकन कमी होते. माती, वाळू आणि चाळलेलं शेणखत सारखं घ्यायचं, बोटाच्या पेराच्या निम्म्यापेक्षा खोल बी जाऊ द्यायचं नाही. दोन-तीन आठवड्यांत कोंब दिसतो. पुढे मात्र वाढ हळू असते. यंदा मे-जूनमध्ये पेरलेलं रोप पुढच्या पावसाळ्यात लावायला येतं, आणि लावल्यानंतर तिसऱ्या वर्षाच्या सुमाराला फळ धरतं. घाई असणाऱ्यांचं हे काम नाही.

बियांच्या रोपाचा दुसरा भाग असा, की आईसारखंच लेकरू होईल याची खात्री नाही. एका झाडाच्या दहा बिया पेरल्या तर काहींची फळं मोठी येतील, काहींची बारीक. नुसती वई हवी असेल तर त्याने बिघडत नाही. गटाने माल विकायचा असेल तर मात्र फळ सारखं हवं, मग गुटी बांधा. पावसाळा सुरू झाला की पेन्सिलीएवढ्या जाड फांदीची इंचभर साल गोलाकार काढायची, तिथे ओलं मॉस किंवा भिजवलेला काथ्या लावून वर प्लॅस्टिक घट्ट गुंडाळायचं. दोन-तीन महिन्यांत प्लॅस्टिकमधून पांढरी मुळं दिसली की फांदी कापून पिशवीत लावायची. आंब्याची कलमं बांधणाऱ्या बायकांना हे नवीन नाही.

गुटी कोणत्या झाडाची बांधायची, हे जुलैत ठरवता येत नाही, तेव्हा झाडावर फळ नसतं. ते मे महिन्यातच ठरवायचं. करवंदं तोडायला गेलात की ज्या जाळीचं फळ मोठं, गर जास्त आणि बिया कमी, तिला रंगीत चिंधी बांधून या. कोंबडा-कोंबडीचा खेळही इथे कामाला येतो. आतून लाल असणाऱ्या फळांचं सरबत न रंगवता सुंदर दिसतं, म्हणून सरबत करायचं असेल तर कोंबड्याच्या जाळीला चिंधी बांधा.

विकत रोप घ्यायचं असेल तर दापोलीच्या डॉ. बाळासाहेब सावंत कोकण कृषी विद्यापीठाने काढलेली "कोकण बोल्ड" नावाची जात आहे. तिचं फळ डोंगरातल्या करवंदापेक्षा मोठं असतं. उत्तराखंडातल्या पंतनगर विद्यापीठानेही "पंत मनोहर", "पंत सुदर्शन", "पंत सुवर्णा" अशा जाती काढल्या आहेत. आपल्या भागासाठी आधी कोकण बोल्ड विचारावी असं मला वाटतं. फिरत्या विक्रेत्याकडून "करवंद आहे" एवढ्या शब्दावर रोप घेऊ नका. करवंद हे कण्हेरीच्याच कुळातलं झाड, आणि कण्हेर, पिवळी कण्हेर (बिट्टी) ही चिकाची झाडं विषारी आहेत. मोठं झाड ओळखायला कुणी चुकणार नाही, पण घरातल्या लहान मुलांना मात्र बजावून ठेवा: चीक येतो ती सगळीच फळं खायची नसतात.

लावणी आणि पहिली दोन वर्षं

पहिला पाऊस जमिनीत मुरला की लावणी करा. वईसाठी दोन ते तीन फुटांवर एक रोप. तीस फूट लांब कुंपण असेल आणि दोन फुटांवर लावली तर सोळा रोपं लागतात. वई दाट हवी असेल तर दोन ओळी नागमोडी घ्या. फक्त फळासाठी, सुटं झाड लावायचं असेल तर मात्र दहा फुटांचं अंतर ठेवा. खड्डा हातभर लांब-रुंद-खोल, तळाला पालापाचोळा, वर माती आणि घमेलंभर कुजलेलं शेणखत. ताजं शेण नको, त्याने वाळवी येते.

करवंदाला पाणी लागत नाही असं म्हणतात ते मोठ्या झाडाबद्दल खरं आहे. पहिल्या दोन उन्हाळ्यांत आठवड्यातून एकदा तांब्या-दोन तांबे तरी बुडाला घाला आणि आळ्यात पाला पसरा. भांडी धुतलेलं साबणाचं पाणी नको, तांदळाचं-भाजीचं धुवण चालेल. शेळ्यांपासूनही याच काळात जपायचं, कारण काटे कडक व्हायच्या आधीचा कोवळा शेंडा त्या सोडत नाहीत.

छाटणीबद्दल एवढंच लक्षात ठेवा की फुलांचे घोस फांदीच्या टोकाला येतात. थंडीत वई "नीट दिसावी" म्हणून कोयत्याने वरून सपाट केली की फुलाची टोकंच गेली, मग उन्हाळ्यात फळ कुठून येणार? छाटायचं ते तोडणी संपल्यावर, पावसाळ्याच्या तोंडाला. वाळलेल्या, आत गेलेल्या, वाटेवर आलेल्या फांद्या काढायच्या आणि तेव्हाच दरवर्षी घमेलंभर शेणखत द्यायचं. रोग-किडीचा मोठा त्रास या झाडाला नाही.

एकाच जाळीच्या तीन तोडण्या

थंडी सरता सरता जाळीवर पांढरी, जाई-जुईसारखी वासाची फुलं येतात. मार्च-एप्रिलमध्ये हिरवी फळं दिसतात आणि मे महिन्यात ती काळी होतात. सगळा घोस एकदम पिकत नाही, एकाच घोसात एक काळं, दोन लाल, तीन हिरवी असतात. आपण सगळं काळं व्हायची वाट बघतो, आणि तोवर पक्षी, पोरं आणि वळवाचा पाऊस आपापला वाटा घेऊन जातात. पाऊस लागला की पिकलेलं फळ पाणचट होतं, फुटतं आणि त्यात किडे पडतात. म्हणून जाळी तीनदा तोडायची.

पहिली तोडणी फळ पूर्ण भरलं, पण अजून हिरवं आणि टणक आहे तेव्हा. नखाने दाबलं तर आत बी तयार झालेलं असतं पण कडक झालेलं नसतं, ही वेळ लोणच्याची. फार कोवळं तोडलं तर लोणचं तुरट होतं आणि वजनही भरत नाही. या वेळी घोसातली साधारण निम्मी फळं काढा. उरलेली फळं जरा मोठी होतात.

दुसरी तोडणी फळाला लाली चढते तेव्हा, म्हणजे अर्धं लाल, अर्धं पांढुरकं. ही जेलीची वेळ. जेली घट्ट करणारा पदार्थ, ज्याला पेक्टिन म्हणतात, तो कच्च्या आणि अर्धवट पिकलेल्या फळात भरपूर असतो. पूर्ण पिकलं की तो कमी होतो. नुसत्या काळ्या करवंदांची जेली पातळ का राहते, याचं उत्तर इथे आहे.

तिसरी तोडणी काळ्या करवंदांची. खायला, मुलांना, सरबताला आणि ताजं विकायला.

तोडताना फळ ओढू नका, देठाशी पिरगाळून काढा. ओढलं की साल फाटते आणि तिथून फळ सडतं. जाड कापडाचे बाहे किंवा जुना पूर्ण बाह्यांचा शर्ट घाला, हाताला थोडं खोबरेल लावा म्हणजे चीक चिकटत नाही. चीक डोळ्याला लागू देऊ नका. पोतं किंवा पिशवी नको, पसरट टोपली घ्या, नाही तर खालची फळं वरच्यांच्या भाराने चेंगरतात. सकाळी, दव सुकल्यावर तोडलं तर फळ जास्त टिकतं. घरी आणल्यावर मिठाच्या पाण्यात अर्धा तास ठेवा, चीक सुटतो. मग दोन-तीन पाण्यांनी धुऊन कापडावर पसरा.

लोणचं, जेली, सरबत

लोणच्याची कृती प्रत्येकीची आपली असते, त्यात मी हात घालत नाही. विकायच्या लोणच्याबद्दल मात्र तीन गोष्टी सांगायला हव्यात. करवंदं धुतल्यावर पुसून, पंख्याखाली पूर्ण कोरडी करा, ओलावा राहिला की बुरशी. मीठ किलोला दीडशे ते दोनशे ग्रॅमच्या खाली आणू नका. "कमी मिठाचं" लोणचं घरी दोन दिवसांत संपवायला ठीक, बरणीत भरून विकायला नाही. आणि फोडणीचं तेल पूर्ण गार करून ओता, ते फोडींच्या वर बोटभर उभं राहिलं पाहिजे. बिया काढायच्या की ठेवायच्या हे गिऱ्हाईक बघून ठरवा. शहरातलं गिऱ्हाईक बिनबियांचं मागतं, पण बिया काढायला लागणारा वेळ आपला जातो.

जेलीसाठी लाली आलेली करवंदं दोन वाटे आणि काळी एक वाटा घ्या. किलोला साधारण लिटरभर पाणी घालून वीस-पंचवीस मिनिटं शिजवा, मग पातळ कापडात बांधून रात्रभर टांगून ठेवा. कापड पिळायचं नाही. पिळलं की जेली गढूळ झालीच म्हणून समजा. गळलेल्या लिटरभर रसाला पाऊण किलो साखर घालून मोठ्या आचेवर आटवा. लिंबू, जिलेटिन काही लागत नाही. झालं की नाही ते कळायला वाटीभर गार पाण्यात थेंब टाका. विरघळला तर अजून वेळ आहे, गोळीसारखा तळाला बसला तर गॅस बंद. गरम असतानाच उकळून वाळवलेल्या काचेच्या बरण्यांत भरा. भांडं स्टीलचं घ्या, कल्हई नसलेल्या पितळेत किंवा ॲल्युमिनियममध्ये इतका आंबट रस आटवू नये.

सरबत जास्त दिवस टिकवायला काही बायका दुकानातून "केएमएस" पावडर आणून चिमूटभर घालतात. करवंदाच्या सरबतात ती नको. तिने लाल रंग उडतो. रंगीत फळांच्या रसाला सोडियम बेन्झोएट वापरतात, पण तेही अंदाजाने घालायची वस्तू नव्हे. किती घालायचं याला कायद्याने मर्यादा आहे. कृषी विज्ञान केंद्रात फळप्रक्रियेचं प्रशिक्षण असतं, गटातल्या दोघींनी जाऊन वजनकाट्यावर मोजायला शिकून यावं. तोवर सरबत मागणीपुरतंच करा आणि फ्रीजमध्ये ठेवा.

विकायचं म्हटल्यावर अन्न सुरक्षा विभागाची (एफएसएसएआय) नोंदणी हवीच. बरणीवर पदार्थाचं नाव, त्यात काय काय आहे, निव्वळ वजन, बनवल्याची आणि वापराची तारीख, पत्ता, नोंदणी क्रमांक आणि शाकाहारी असल्याची हिरवी खूण, एवढं छापलेलं असावं. संघाच्या कार्यालयात विचारलंत तर अर्ज भरायला मदत मिळते.

हिशोब घड्याळ लावून

पुस्तकात चांगल्या वाढलेल्या झुडपाला 3 ते 5 किलो फळ लिहिलेलं असतं. वईत दाटीने लावलेल्या झाडाकडून तेवढी अपेक्षा करू नका. झाडामागे दीड किलो धरलं तरी सोळा झाडांचे 24 किलो होतात, आणि दहा जणींच्या कुंपणांचे मिळून 240 किलो. एकटीच्या 24 किलोंसाठी कुणी व्यापारी दारात येत नाही, दहा जणींच्या मालासाठी बोलणी करता येतात. म्हणून रोपं लावतानाच गटाने एकत्र, एकाच जातीची लावावीत.

बरणीची किंमत ठरवताना तेल, मीठ, मसाला, बरणी, लेबल हे सगळ्या जणी धरतात. धरत नाहीत ती आपली मजुरी. पहिल्या दिवशी दहा किलो करवंदं घेऊन बसा, घड्याळ लावा आणि धुणं, पुसणं, बिया काढणं याला किती जणींचे किती तास गेले ते वहीत लिहा. बिया काढायच्या आधी आणि नंतर वजन करा, दोन्ही आकडे लिहा. गावातल्या मजुरीच्या दराने ते तास मोजा. मग कदाचित असंही दिसेल की बिनबियांचं लोणचं तोट्यात जातंय आणि नुसती धुतलेली हिरवी करवंदं किलोवर विकण्यात जास्त सुटतंय. तसं दिसलं तर तसंच करा. "प्रक्रिया केली की नफा" हे प्रत्येक वेळी खरं नसतं, वहीतला आकडा खरा.

डोंगरातल्या जाळ्या

घरी लावलं म्हणून डोंगर सुटत नाही, निदान पहिली चार वर्षं तरी नाही. 2006 च्या वनहक्क कायद्याने वनहक्कधारकांना गौण वनोपज गोळा करायचा आणि विकायचा हक्क दिला आहे, तेव्हा गावाचा सामूहिक दावा मंजूर आहे का हे ग्रामसभेत विचारा. डोंगरात मात्र फांद्या मोडून घरी आणून सावकाश फळं काढायची सवय सोडायला हवी. मोडलेल्या फांदीला पुढच्या वर्षी टोक नसतं आणि फूलही नसतं. आणि वणवा. एका वणव्यात उतारावरच्या सगळ्या जाळ्या जळतात, त्या पुन्हा फुटून फळावर यायला काही वर्षं जातात.

करवंदाने रक्त वाढतं का?

हा प्रश्न बैठकीत नेहमी येतो. करवंदात क जीवनसत्त्व असतं, आणि आंबट फळ जेवणाबरोबर खाल्लं की नाचणीच्या भाकरीतलं, पालेभाजीतलं लोह अंगी जास्त लागतं. त्यामुळे मे महिन्यात जेवणात मूठभर करवंदं किंवा ताजी चटणी जरूर असावी. शिजवून, आटवून केलेल्या जेलीत ते जीवनसत्त्व फारसं उरत नाही. पण तपासणीत रक्त कमी निघालेल्या बाईने किंवा पोरीने लोहाच्या गोळ्या बंद करून करवंदांवर राहू नये. गोळ्या चालूच ठेवायच्या, करवंदं वरून.

यंदा रोपं करायची असतील त्यांनी मे अखेरीस काळ्या करवंदांच्या बिया जपून ठेवा आणि चार-पाच दिवसांच्या आत पिशव्या भरा. दुधाच्या रिकाम्या पिशव्या चालतात, फक्त तळाला चार भोकं पाडायला विसरू नका. गटात कुणाला किती रोपं हवीत ते महिन्याच्या बैठकीत सचिव ताईंकडे लिहून द्या, म्हणजे गुट्या बांधायच्या वेळी चिंध्यांच्या जाळ्या वाटून घेता येतील.